वेळेचं वर्तुळ आखणारा माणूस

टाइम ट्रॅव्हलचा सिनेमा बघून बाहेर पडलं की कट्ट्यावर एक वाद हमखास रंगतो. भूतकाळात जाऊन आपल्याच आजोबांना गाठलं आणि त्यांचं लग्न मोडलं तर? मग आपण जन्मणार कसे? आणि जन्मलोच नाही तर भूतकाळात गेलं कोण? हा झाला आजोबांचा पेच. त्याचा एक धाकटा भाऊ आहे आणि तो जास्त डोकं खातो.

समजा, राजोडीच्या किनाऱ्यावर सुरूच्या झाडांखाली एक मुलगी अभ्यास करत बसली आहे. एक आजी येतात, तिच्या हातात एक जुनी वही देतात आणि निघून जातात. वहीत गणितातल्या एका न सुटलेल्या प्रश्नाचं अख्खं उत्तर आहे. मुलगी ते आपल्या नव्या वहीत उतरवून घेते, पुढे छापते, नाव कमावते. म्हातारपणी तिला टाइम मशीन मिळतं. ती आपली जुनी झालेली वही घेऊन राजोडीला परत येते आणि सुरूखाली बसलेल्या मुलीच्या हातात ठेवते. आता सांगा, ते उत्तर शोधलं कुणी? मुलीने आजींच्या वहीतून उतरवलं आणि आजींनी ते मुलगी असताना उतरवलं. उत्तर आहे, पण ते पहिल्यांदा सुचलेलं डोकंच नाही!

दोन्ही पेचांचं मूळ एकच. एखादी गोष्ट फिरून स्वतःवरच येते आणि मग आपली अक्कल गोल फिरायला लागते. कथा-सिनेमांसाठी हा मस्त मसाला आहे. पण एका माणसाने या 'स्वतःवर येण्या'चा गणिताने पाठपुरावा केला. आधी तर्कशास्त्रात आणि मग थेट विश्वाच्या रचनेत. त्यांचं नाव कुर्ट गोडेल.

घरातला 'का'

२८ एप्रिल १९०६ रोजी ब्रून शहरात कुर्टचा जन्म झाला. तेव्हा हे शहर ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होतं, आज ते चेक प्रजासत्ताकात आहे आणि त्याचं नाव ब्रनो. वडील कापडाच्या उद्योगात, घरी सुबत्ता. हा धाकटा मुलगा प्रत्येक गोष्टीवर 'का' विचारायचा, म्हणून घरच्यांनी त्याचं नावच 'का-महाशय' पाडलं होतं.

लहानपणी त्याला संधिवाताचा ताप आला. त्यातून तो बरा झाला. पण पुढे या आजाराविषयी वाचताना त्याला कळलं की त्याने हृदय कमकुवत होऊ शकतं. आपलंही झालंय, हे त्याने मनाशी पक्कं केलं. डॉक्टर काहीही म्हणोत, त्याचा स्वतःच्या तर्कावर जास्त भरवसा होता. ही सवय आयुष्यभर टिकली. तिने त्याला मोठं केलं आणि शेवटी तिनेच घात केला.

१९२४ मध्ये तो व्हिएन्ना विद्यापीठात दाखल झाला, तो खरं तर फिजिक्स करायला. तिथे फिलिप फुर्टव्हेंग्लर नावाचे प्राध्यापक संख्या सिद्धान्त (नंबर थिअरी) शिकवायचे. मानेखाली लकवा असल्यामुळे ते खुर्चीत बसून, हातात एकही कागद न घेता बोलायचे आणि सहायक फळ्यावर लिहायचा. ती लेक्चर्स ऐकून कुर्टने लाइन बदलली आणि तो गणिताकडे वळला.

भिंतीवर लिहू नये

त्या काळात गणितज्ञांना एका पेचाने हैराण केलं होतं. तो पेच आपण रोज बघतो. एखाद्या कंपाउंडच्या भिंतीवर ऑइलपेंटने ठळक लिहिलेलं असतं, 'या भिंतीवर काहीही लिहू नये.' सूचना पाळायची तर सूचनाच पुसावी लागेल! किंवा 'हे वाक्य खोटं आहे' हे वाक्य घ्या. खरं मानलं तर ते खोटं ठरतं, खोटं मानलं तर खरं ठरतं. गणिताच्या पायात असली वाक्यं शिरली तर इमारत उभी राहील कशी?

जर्मनीचे डेव्हिड हिल्बर्ट हे तेव्हाचे गणितातले सर्वांत वजनदार नाव. त्यांचा बेत असा होता की गणिताचे मोजके नियम ठरवून टाकायचे. त्यातून प्रत्येक खरं विधान सिद्ध करता आलं पाहिजे आणि या नियमांत कुठेही विसंगती नाही, हेही पक्कं दाखवता आलं पाहिजे. एकदा हे जमलं की काम फत्ते.

गोडेल यांनी इथे एक अफलातून युक्ती केली. परीक्षेत आपलं नाव जाऊन सीट नंबर येतो ना, तसा त्यांनी गणितातल्या प्रत्येक चिन्हाला नंबर दिला. एक सोपं उदाहरण घेऊ. समजा '०' या चिन्हाचा नंबर १ आणि '=' या चिन्हाचा नंबर २. आता '०=०' हे विधान म्हणजे १, २, १. पहिल्या तीन मूळ संख्या २, ३ आणि ५ यांना हे घात द्या आणि गुणाकार करा. २ × ९ × ५ = ९०. झालं, '०=०' या विधानाचा नंबर ९०. उलट, ९० चे मूळ अवयव पाडले की मूळ विधान जसंच्या तसं परत मिळतं. असाच नंबर अख्ख्या सिद्धतेलाही देता येतो.

याचा अर्थ काय, तर संख्यांविषयी बोलणारं गणित आता नंबरांच्या आडून स्वतःविषयी बोलू शकतं. मग गोडेल यांनी असं एक विधान रचलं, ज्याचा मथितार्थ होतो की मला या नियमांनी सिद्ध करता येणार नाही. नियमांनी ते सिद्ध केलं तर नियम खोटं सिद्ध करतात, म्हणजे ते बिनकामाचे. आणि नियम विसंगत नसतील तर ते विधान खरं असूनही सिद्ध होत नाही. त्यातून पुढची पायरी आणखी बोचरी. अशी कुठलीही नियमावली, आपल्यात विसंगती नाही, याचा दाखला स्वतःच्याच नियमांनी देऊ शकत नाही.

७ सप्टेंबर १९३० रोजी कोनिग्सबर्गच्या एका परिषदेत, चर्चेच्या ओघात, २४ वर्षांच्या या अबोल मुलाने आपला निष्कर्ष सांगून टाकला. बहुतेकांच्या लक्षातच आलं नाही. एक जण मात्र चमकला, जॉन फॉन नॉयमन. गंमत म्हणजे दुसऱ्याच दिवशी, त्याच शहरात हिल्बर्ट यांनी भाषण केलं आणि गणितात अज्ञेय असं काही नाही, असा विश्वास बोलून दाखवला. तो विश्वास मोडणारा निष्कर्ष तोवर मांडून झाला होता! १९३१ मध्ये तो छापून आला.

या सिद्धान्ताचा सोशल मीडियावर भलताच अर्थ लावला जातो, म्हणून एक खुलासा. काहीच सिद्ध करता येत नाही किंवा सगळंच सापेक्ष आहे, असं गोडेल म्हणत नाहीत. दोन अधिक दोन चारच राहतात. त्यांचं म्हणणं एवढंच आहे की पुरेशा ताकदीच्या आणि विसंगती नसलेल्या कुठल्याही नियमावलीच्या आवाक्याबाहेर काही सत्य उरतंच. १९३६ मध्ये अ‍ॅलन ट्युरिंग यांनी हाच धागा यंत्रांपर्यंत नेला. कुठलाही प्रोग्रॅम थांबेल की अडकून बसेल, हे दरवेळी अचूक सांगणारा प्रोग्रॅम लिहिता येणार नाही, हे त्यांनी दाखवलं. कॉम्प्युटर सायन्सवाल्यांना हे सिलॅबसमध्ये भेटतंच.

छत्रीवाली आडेल

व्हिएन्नातच गोडेल यांची ओळख आडेल यांच्याशी झाली. त्या नाइट क्लबमध्ये नर्तिका होत्या, घटस्फोटित होत्या आणि वयाने सहा वर्षांनी मोठ्या. गोडेल यांच्या घरच्यांना हे अजिबात पसंत नव्हतं. लग्न व्हायला सप्टेंबर १९३८ उजाडला.

तोवर दिवस वाईट आले होते. २२ जून १९३६ रोजी गोडेल यांना मानणारे तत्त्वज्ञ मॉरिट्झ श्लिक यांना त्यांच्याच एका माजी विद्यार्थ्याने विद्यापीठाच्या जिन्यावर गोळ्या घालून ठार मारलं. गोडेल यांना जबर मानसिक धक्का बसला, उपचारांसाठी दाखल व्हावं लागलं. जेवणातून आपल्याला कुणीतरी विष घालील, ही भीती त्यांच्या मनात घर करून बसली. आडेल आधी स्वतः घास चाखायच्या, मग ते जेवायचे.

१९३८ मध्ये नाझींनी ऑस्ट्रिया गिळला. गोडेल ज्यू नव्हते, पण रस्त्यात नाझी पोरांच्या टोळक्याने ज्यू समजून त्यांच्यावर हात टाकला. तेव्हा आडेल यांनी छत्रीने त्या टोळक्याला पिटाळून लावलं. वर सैन्यात भरतीसाठी गोडेल 'फिट' ठरवले गेले. मग १९४० च्या जानेवारीत दोघं निघाले. युद्धामुळे अटलांटिकचा मार्ग धोक्याचा होता, म्हणून उलट्या दिशेने, सैबेरियातून रेल्वेने, जपानमार्गे, पॅसिफिक ओलांडून ते मार्चमध्ये सॅन फ्रान्सिस्कोला उतरले. पुढचं सगळं आयुष्य प्रिन्स्टनमध्ये गेलं. गोडेल युरोपात परत कधी गेले नाहीत.

आइन्स्टाइनसोबतची पायपीट

प्रिन्स्टनच्या संशोधन संस्थेत त्यांना आइन्स्टाइन भेटले. आइन्स्टाइन २७ वर्षांनी मोठे, गप्पिष्ट, हसरे. गोडेल काटकुळे, उन्हाळ्यातही ओव्हरकोट घालणारे, माणसं टाळणारे. तरी दोघांचं जमलं. रोज घर ते संस्था, संस्था ते घर असं जर्मनमध्ये गप्पा मारत दोघं चालायचे. उतारवयात आपण ऑफिसला जातो ते गोडेलबरोबर घरी चालत यायला मिळावं म्हणून, असं आइन्स्टाइन सांगायचे.

अमेरिकेच्या नागरिकत्वाचा किस्सा तर भारीच आहे. ५ डिसेंबर १९४७ रोजी मुलाखत होती. गोडेल यांनी तयारी म्हणून अमेरिकेची घटना इतकी बारकाईने वाचली की त्यांना त्यात एक फट सापडली. कायद्याच्या चौकटीत राहून देशात हुकूमशाही आणता येईल, अशी ती फट. साक्षीदार म्हणून सोबत आलेले आइन्स्टाइन आणि अर्थतज्ज्ञ ऑस्कर मॉर्गनस्टर्न यांनी विषय काढू नका म्हणून बजावलं होतं. पण न्यायाधीशांनीच ऑस्ट्रियाचा विषय काढला आणि इथे तसं होणार नाही, असं म्हटलं. गोडेल लगेच सिद्ध करायला सरसावले! न्यायाधीश समजूतदार होते, त्यांनी विषय बदलला आणि काम झालं.

राजोडीहून सरळ पश्चिमेला

या चालण्यातल्या गप्पांत काळाचा विषय निघणं साहजिक होतं. १९४९ मध्ये आइन्स्टाइन सत्तर वर्षांचे झाले. त्यानिमित्त गोडेल यांनी त्यांना जी भेट दिली, ती म्हणजे एक विश्वच होतं. आइन्स्टाइनच्याच सापेक्षतावादाच्या समीकरणांचं एक नवं, अचूक उत्तर. या विश्वातलं सगळं द्रव्य फिरतं आहे. आणि त्यात काळाची वर्तुळं आहेत.

काळाचं वर्तुळ म्हणजे काय, हे आपल्या राजोडीवरून समजून घेऊ. किनाऱ्यावरून सरळ पश्चिमेला निघा आणि अक्षांश सोडू नका. अरबी समुद्र, अरबस्तान, आफ्रिका, अटलांटिक, मग जवळजवळ राजोडीच्याच अक्षांशावर असलेली मेक्सिको सिटी, पुढे पॅसिफिक, व्हिएतनाम, ओडिशा, मराठवाडा करत तुम्ही पूर्वेकडून विरारमध्ये शिराल आणि राजोडीला पोचाल. दिशा एकदाही उलटी केली नाही, तरी जिथून निघालात तिथे परत. यात पेच काही नाही, कारण मधल्या काळात घड्याळ पुढे गेलेलं असतं. तुम्ही परत येता ते नंतरच्या राजोडीत.

गोडेल यांच्या विश्वात मात्र असा मार्ग आहे की तुम्ही सतत पुढेच जाता, तुमचं घड्याळ पुढेच चालतं, वाटेत कुठेही प्रकाशाचा वेग ओलांडत नाही आणि तरी परत येता तेव्हा निघायच्या आधीची राजोडी समोर असते. तुम्ही सुरूखाली पिशवी भरताना स्वतःलाच दिसता. कारण विश्वाच्या फिरण्यामुळे, जसजसे दूर जाल तसतशी भविष्याची दिशा कलत जाते. पुरेसं दूर गेलं की ती इतकी कलते की मोठ्या वर्तुळावर फिरत जाणं हाच काळातला प्रवास होतो.

यासाठी रॉकेटचा वेग प्रकाशाच्या सुमारे ७१ टक्क्यांहून जास्त हवा, हेही गोडेल यांनी काढलं. इंधन लागेल ते अचाट, म्हणजे व्यवहारात अशक्यच. स्वतःला भेटणाऱ्या आणि स्वतःचा भूतकाळ बदलू पाहणाऱ्या प्रवाशाचा पेच त्यांनाही दिसत होता. तो त्यांनी टाळला नाही. पण त्यांचं लक्ष त्याहून मोठ्या प्रश्नावर होतं. ज्या नियमांनी आपलं विश्व चालतं, त्याच नियमांत बसणाऱ्या एका विश्वात 'आता', 'आधी', 'नंतर' यांना सर्वांसाठी एकच असा अर्थ उरत नसेल, तर काळ वाहतो, हे आपण कशाच्या जोरावर म्हणतो? द्रव्य कसं मांडलंय, एवढ्या योगायोगावर काळाचं वाहणं अवलंबून असेल, तर ते वाहणं मुळात खरं आहे का?

आइन्स्टाइन यांनी हे काम महत्त्वाचं मानलं. ही शंका आपल्यालाही सतावत होती, अशी कबुली दिली. पण भौतिकशास्त्राच्या आधारावर अशी विश्वं बाद ठरवता येतील का, ते तपासायला हवं, असं त्यांचं मत पडलं.

मग पेच सुटला का?

आपलं विश्व गोडेल यांच्या विश्वासारखं नाही. आपलं प्रसरण पावतं आहे, त्यांचं पावत नव्हतं. आणि आपलं अख्खं विश्व फिरतं आहे, याचा ठोस पुरावा मोजमापांत मिळालेला नाही. गोडेल स्वतः मात्र दीर्घिका कुठल्या एका दिशेने जास्त फिरताना दिसतात का, याची चौकशी पुढेही खगोलशास्त्रज्ञांकडे करत राहिले.

पण त्यांनी उघडलेलं दार परत बंद झालं नाही. फिरणारं द्रव्य काय करतं, हा प्रश्न भारतातही हाताळला गेला. कोलकात्याच्या अमलकुमार रायचौधुरी यांनी १९५५ मध्ये दिलेल्या समीकरणात द्रव्याचं फिरणं त्याच्या आकसण्याला विरोध करताना दिसतं. हेच समीकरण पुढे पेनरोझ आणि हॉकिंग यांच्या सिद्धान्तांना पायाभूत ठरलं. काळाच्या वर्तुळातून जे घडेल ते स्वतःशी सुसंगतच असेल, म्हणजे तुम्ही आजोबांचं लग्न मोडायला गेलात तरी काही ना काही होऊन ते लागणारच, असा मार्ग रशियाच्या इगोर नोविकोव्ह यांनी सुचवला. हॉकिंग यांनी १९९२ मध्ये वेगळा अंदाज मांडला. निसर्गाचे नियमच अशी वर्तुळं बनू देत नसतील, असा.

तिसरी वाट आपल्याकडे बऱ्याच जणांनी शाळा-कॉलेजातच पाहिली आहे. जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत अशा जगात पोचतात जिथे मराठे पानिपत जिंकले आहेत. इतिहास बदलत नाही, त्याला फाटा फुटतो. मग विरोध कुणाचाच कुणाशी येत नाही.

गंमत बघा. राजोडीच्या वहीची गोष्ट नोविकोव्ह यांच्या कसोटीला उतरते. तिच्यात विसंगती कुठेच नाही. तरी ते उत्तर आलं कुठून, हे त्या वर्तुळाच्या आत राहून सांगता येत नाही. १९३१ चं गणित आणि १९४९ चं विश्व यांची इथे आठवण येते.

शेवटचा घास

१९५५ मध्ये आइन्स्टाइन गेले. गोडेल आणखी एकटे पडले. लेख छापणं जवळपास थांबलं. फ्रीजमधून विषारी वायू येतो, डॉक्टर आपल्याला मारतील, असे संशय वाढत गेले. या प्रत्येक संशयामागे त्यांच्या दृष्टीने तर्क होता. कुठलीच नियमावली स्वतःला दाखला देऊ शकत नाही, हे जगाला दाखवणारे गोडेल स्वतःच्या भीतीची तपासणी मात्र त्याच भीतीच्या आत बसून करत होते. बाहेरून तपासणारं, घास आधी स्वतः खाऊन दाखवणारं माणूस एकच होतं, आडेल.

१९७७ च्या जुलैमध्ये जुने मित्र मॉर्गनस्टर्न वारले. त्याच वर्षी आडेल यांना अनेक महिने इस्पितळात राहावं लागलं. चाखायला कुणी उरलं नाही आणि गोडेल यांनी जेवण सोडत आणलं. डिसेंबरमध्ये आडेल घरी परतल्या आणि त्यांनी समजूत घालून त्यांना दवाखान्यात नेलं. पण उशीर झाला होता. १४ जानेवारी १९७८ रोजी गोडेल गेले, तेव्हा त्यांचं वजन जेमतेम ३० किलो होतं. मृत्यूच्या दाखल्यावर मानसिक विकारातून झालेली उपासमार, असं कारण नोंदलं गेलं.

अशा शेवटाला प्रतिभेची किंमत म्हणायची आपल्याकडे फॅशन आहे. ती बरोबर नाही. तो आजार होता. लहानपणापासून सोबत असलेला, कधी कमी, कधी जास्त. त्यांचं मोठेपण त्या आजारामुळे आलेलं नव्हतं. आजार असूनही ते इतकं काम करू शकले, त्यात आडेल यांच्या रोजच्या घासाचा वाटा मोठा होता. गणिताच्या पुस्तकांत त्यांचं नाव सापडत नाही. आडेल १९८१ मध्ये वारल्या.

पुढच्या वेळी सिनेमानंतर आजोबांच्या पेचावर वाद रंगला की गोडेल यांचं नाव जरूर काढा. आणि ग्रुपमधलं कुणी स्वतःच्याच विचारांत गोल गोल फिरताना दिसलं, जेवण टाळताना दिसलं, तर त्याला एकट्याला विचार करत बसू देऊ नका. शेजारी जाऊन बसा, डबा उघडा, पहिला घास तुम्ही घ्या.